एलोफ ब्रोमानचं मत

रियाध
२१ सप्टेंबर १९९०

हवालदारसाहेबांना शाहिदचा सलाम.

हवालदार म्हटलेलं तुला आवडत नाही हे ठाऊक आहे, म्हणूनच म्हणतो. हर्णैहून आईचं पत्र आलंय. तू परत टीव्हीवर दिसलास, या खेपेला हातात कंदील घेऊन, आणि अख्खा मोहल्ला आमच्या पडवीत जमला होता म्हणे. रूपेश, आपल्या नाटकात किल्लेदार मी होतो. तू माझ्या मागे भाला धरून उभा होतास. स्पर्धेत अभिनयाचं रौप्यपदक मला मिळालं. आणि आता माझीच आई, नूरुन्निसाबी, माझ्याच घरात तुला बघायला शेजारणींना चहा पाजते. मी इथे लोकांच्या हाडांचे फोटो काढतो. चालू द्या तुमचं.

इथली काळजी करू नको. इराकने कुवेत घेतल्यापासून रस्त्यावर लष्करी गाड्या वाढल्यात आणि पाण्याच्या बाटल्या महागल्यात, एवढंच. तस्नीम मजेत आहे.

पत्र लिहायचं कारण वेगळंच आहे. परवा एक्स-रेला एक स्वीडिश म्हातारा आला. नाव एलोफ ब्रोमान. मुलगी-जावयाकडे इथल्या ओलाया भागात राहायला आलेला, न्हाणीघरात घसरला आणि खुब्याचं हाड मोडून बसला. जावई टेलिफोनच्या कंपनीत इंजिनिअर आहे. मी म्हाताऱ्याला टेबलावर नीट झोपवलं आणि म्हटलं, आता अजिबात हलायचं नाही. तर म्हणतो, "न हलणं हाच माझा धंदा होता."

नट निघाला! सिनेमात आणि टीव्हीत चाळीस वर्षं काढलेला नट, आणि सगळं आयुष्य तुझ्यासारखं. पोस्टमन, रेल्वेचा गार्ड, पाद्री, दारुडा खलाशी, न्यायालयातला शिपाई. शंभरावर सिनेमे केले, नायक कधी नाही. टीव्हीच्या एका मालिकेत म्हणे तो औषधांच्या दुकानाचा मालक होता. तेव्हापासून बायका रस्त्यात थांबवून त्याला जीभ दाखवतात आणि औषध विचारतात. त्यांच्याकडेही टीव्ही सरकारीच, त्यामुळे जो दिसतो तो सगळ्या देशाला दिसतो.

बघ, याला म्हणतात मान. तुला तुमच्या भांडुपच्या भाजीवालीने तरी ओळखलं का?

तुझा,
शाहिद


भांडुप
१४ ऑक्टोबर १९९०

शाहिद,

भाजीवालीने ओळखलं. तिच्या टोपलीसमोर कुणाचातरी टेम्पो उभा होता. म्हणाली, "साहेब, जरा तुमच्या माणसांना सांगून तेवढा उचलायला लावा." मला खरा हवालदार समजते ती. मी जाऊन टेम्पोवाल्याला दम दिला आणि त्याने तो हलवलासुद्धा. आजवरची माझी सगळ्यात यशस्वी भूमिका तीच.

तुझं पत्र वाचून अंगाचा तिळपापड झाला. ज्या माणसाचं तोंड मी जन्मात पाहिलं नाही त्याच्यावर मी आठ दिवस जळतोय. क्षमा म्हणाली, अहो, तो म्हातारा, त्याचं हाड मोडलंय, त्याच्याशी कसली स्पर्धा करता? तिला काय सांगू! त्याला विचार, तुला पूर्ण संहिता वाचायला देतात का? आम्हाला फक्त आमचं पान देतात. मागच्या मालिकेत मी ज्याच्या मागे कंदील धरून चाललो तो माझा मालक होता की माझा खुनी, हे मला पडद्यावर बघूनच कळलं. आणि हेही विचार, की काम नसतं त्या महिन्यात तो काय करत असे. मी काय करतो ते तुला सांगतो. क्षमा शाळेत गेली की तांदूळ निवडतो आणि फोन वाजायची वाट बघतो. फोन शेजाऱ्यांकडे आहे, त्यामुळे भिंतीला कान लावून निवडतो.

तुमचा फोटो मिळाला. तस्नीमवहिनी मोटारीला टेकून उभ्या आहेत. तो फोटो क्षमाने बराच वेळ हातात धरला होता आणि मग म्हणाली, तिकडे तुमच्यासाठी काही असेल का, विचारून तर बघा. म्हणून विचारतो. तू थट्टेत घेतलंस तरी चालेल.

रूपेश


रियाध
९ नोव्हेंबर १९९०

प्रिय रूपेश,

थट्टेत कशाला घेऊ? तुझं पत्र वाचलं आणि त्याच दिवशी कामाला लागलो. येमेनचे लोक इथून हजारोंनी परत गेलेत. कुवेतबद्दल त्यांच्या सरकारची भूमिका इथल्यांना पटली नाही, त्यामुळे त्यांच्या इथे राहण्याच्या सवलती गेल्या. गुदामं, दुकानं ओस पडलीत. इथल्या अल सुलै भागात आमच्या इस्पितळाला माल पुरवणाऱ्याचं मोठं गुदाम आहे, तिथे स्टोअरकीपर हवाय. कफील, म्हणजे ज्याच्या नावावर तू इथे राहशील तो मालक, देवमाणूस आहे. सावलीत बसायचं आणि खोकी मोजून घ्यायची. युद्धाच्या भीतीने कुणी यायला तयार नाही, म्हणून व्हिसा चटकन मिळेल. आणि एक फायदा मोठा आहे. इथे कुणाला भूमिका मिळत नाही, त्यामुळे कुणी कुणावर जळत नाही.

म्हाताऱ्याला तुझे प्रश्न विचारले. संहिता पूर्ण मिळते, घरपोच. सिनेमाचं काम नसलं तरी सरकारी नाटकघरात नोकरी होती, पगार महिन्याच्या महिन्याला चालू. तू तांदूळ निवड.

मी आता शुक्रवारी त्याच्याकडे जातो. त्याची मुलगी कॉफी करते आणि तो गोष्टी सांगतो. एकदाच नायक झाला होता, दीपगृहावरच्या एकट्या माणसाच्या सिनेमात. साफ पडला. मला म्हणाला, सगळे माझ्याकडेच बघत होते, मला कुणाकडे बघताच येईना, मग मी काय करणार? नंतर परत गार्ड आणि पाद्री करायला गेला आणि सुखी झाला. असला माणूस मी पाहिला नाही. मला नायकाचं काम मिळालं असतं तर मी कॅमेरा खाऊन टाकला असता.

गेल्या शुक्रवारी मी त्याला किल्लेदाराचं स्वगत करून दाखवलं. सगळं पाठ आहे अजून, एक शब्द इकडचा तिकडे नाही. म्हातारा बघतच राहिला.

व्हिसाचं क्षमावहिनींना सांग. उशीर करू नको.

शाहिद


भांडुप
५ डिसेंबर १९९०

शाहिद,

तू त्याच्यापुढे स्वगत केलंस! माझी रात्र खराब केलीस. पहिल्यांदा आठवण झाली ती दामले मास्तरांच्या तालमीची. तू उभा राहिलास की ते चहाचा कप खाली ठेवत, आणि मी बोलायला लागलो की उचलत. आता परदेशातला नटही तूच मिळवलास. मी इथे पंधरा वर्षं खपतोय, मला कुणी दीपगृहाची गोष्ट सांगितली नाही.

आता कामाचं. इथे एक तेरा भागांची मालिका होतेय आणि त्यात मला शाळामास्तरचं काम विचारलंय. मास्तरला नाव आहे, शाहिद. रघुनाथ. आजवर माझ्या एकाही भूमिकेला नाव नव्हतं. पाट्यांत "हवालदार", "नोकर", "गावकरी दोन" असंच येतं. पैसे मात्र नेहमीचेच, म्हणजे सांगण्यासारखे नाहीत. क्षमा रागावत नाही, तेच जास्त लागतं. ती म्हणाली, संक्रांतीपर्यंत ठरवा, मालिका तरी नाहीतर गुदाम तरी. मग मी तुम्हाला परत विचारणार नाही.

मला ठरवता येत नाही. इथे ज्यांना विचारावं ते एकतर मित्र आहेत किंवा माझ्याच जागेवर टपलेले. म्हणून अफशाँ सिस्टरच्या हाती व्हिडिओ कॅसेट पाठवतोय, ती सुट्टी संपवून तुमच्याच इस्पितळात परत येतेय. कॅसेटवर जमीनदाराच्या मालिकेचा एक भाग आहे. मी त्यात जमीनदाराच्या डोक्यावर छत्री धरून उभा असतो. एक विधवा येते, त्याच्या पाया पडते, तो तिला हाकलतो. मला वाक्य एकही नाही.

ब्रोमानला दाखव. मी नट आहे की नाही, एवढंच विचार. तो ओळखीचा नाही, माझी भाषा त्याला येत नाही, आणि हेच काम त्याने जन्मभर केलंय. तो म्हणेल ते मला मान्य. हो म्हणाला तर रघुनाथ करीन आणि तांदूळ निवडत मरेन. नाही म्हणाला तर व्हिसा पाठव, मी येतो.

तुझ्यावर विश्वास टाकतोय.

रूपेश


रियाध
४ जानेवारी १९९१

प्रिय रूपेश,

कॅसेट मिळाली. आज तस्नीमला घेऊन म्हाताऱ्याकडे गेलो आणि ती लावली. तुला वाईट वाटेल, पण खोटं सांगून मित्राचं नुकसान कशाला करू? त्याने बघितली. मध्ये थोडी डुलकी लागली त्याला, औषधं चालू आहेत ना. शेवटी म्हणाला, छान आहे, कपडे सुंदर आहेत. तुझ्याविषयी विचारलं तेव्हा म्हणाला, असं काम कुणीही करू शकतो. वाईट हेतूने नाही म्हणाला. मोठा नट आहे, जे दिसलं ते बोलला.

मनाला लावून घेऊ नको. मीदेखील सोडलंच ना? पहिलं वर्ष जड जातं. मग माणूस दुसऱ्यांची कामं बघून "यात काय विशेष" म्हणायला शिकतो आणि बरा होतो.

व्हिसाचा कागद सोबत आहे. कफीलला मी शब्द दिलाय. मेडिकल करून घे. इथे सगळे म्हणतात की युद्ध होणार नाही, दोन्ही बाजू नुसत्या गुरगुरतायत. तू आलास की शुक्रवारी आपण दोघं समुद्र नसलेल्या या गावात हर्णैच्या गोष्टी करू. तुझ्यासाठी खोली बघून ठेवली आहे.

तुझा,
शाहिद


भांडुप
१८ जानेवारी १९९१

प्रिय शाहिद,

कालपासून युद्ध चालू झालंय आणि मी शेजाऱ्यांच्या टीव्हीसमोरून उठलो नाही. तुम्ही दोघं कसे आहात? इस्पितळातून हलू नका. दोन ओळी लिहा, कुणाच्याही हाती पाठवा. नूरुन्निसामावशींना मी हर्णैला तार केली, की शाहिदचं इस्पितळ लढाईपासून लांब आहे. आहे ना?

तुझं पत्र बरोबर संक्रांतीला मिळालं. क्षमा तिळगूळ वाटायला गेली होती. मी वाचलं, घडी घातली आणि चालत त्या निर्मात्याच्या ऑफिसात जाऊन रघुनाथ नाही म्हणून सांगून आलो. त्याने कारणही विचारलं नाही, फक्त यादीतलं पुढचं नाव बघितलं. क्षमाला वाटलं होतं मी दुःखी असेन. खरं सांगू, हलकं वाटलं. पंधरा वर्षं मनात एक शंका होती, ती फिटली. कुणीही करू शकतो म्हणाला ना? मलाही अधूनमधून तसंच वाटे.

मेडिकल झालं. विमानं चालू झाली की येतो. म्हाताऱ्यावर माझा राग नाही. त्याला लवकर चालता येऊ दे.

काळजी घ्या.

रूपेश


रियाध
१५ फेब्रुवारी १९९१

रूपेशभाऊ, सलाम.

मी तस्नीम लिहितेय. आम्ही ठीक आहोत. भोंगा वाजला की एका खोलीत बसतो. विषारी वायूच्या भीतीने खिडक्यांना चिकटपट्ट्या लावल्यात, दाराच्या फटीत ओला टॉवेल कोंबतो. इस्पितळातून तोंडाला लावायचे मुखवटे मिळालेत. ते घातले की आमचे शाहिदमियाँ डुकरासारखे दिसतात, हे मी त्यांना सांगितलंय.

तुमचं पत्र त्यांनी वाचून उशीखाली ठेवलं आणि मला काय लिहिलंय ते सांगेनात. मी काढून वाचलं. तुम्ही मास्तरचं काम सोडलंत. भाऊ, तुमची फसवणूक झाली आहे. मी त्या दिवशी तिथे होते. जे बघितलं ते सांगते.

आधी ते स्वगताचं ऐका. नोव्हेंबरातही मी होतेच. शाहिदनी दिवाणखान्याच्या मध्यावर उभं राहून असा आवाज लावला की वरच्या मजल्यावरचे मिसरी, इजिप्तचे लोक, खाली आले, कुणी मेलं का बघायला. म्हातारा फार सभ्य. शेवटी म्हणाला, तुमचा आवाज मोठा आहे. बस्स, एवढंच.

मग तुमची कॅसेट. म्हातारा पाय वर करून आरामात बघत होता. छत्रीचा प्रसंग आला आणि तो पुढे सरकून बसला. मुलीला म्हणाला मागे घे. तिने घेतलं. परत म्हणाला मागे घे. मग शाहिदना विचारलं, हा कोण? शाहिदनी जमीनदारावर बोट ठेवलं आणि त्या नटाची माहिती द्यायला लागले. म्हातारा म्हणाला, "तो नको. छत्रीवाला. त्या खोलीत ती बाई काय म्हणतेय ते एकटा तोच ऐकतोय." त्याला आपली भाषा कळत नाही, तरी तुमच्या तोंडाकडे बघून त्याने तिची सगळी कहाणी मला सांगितली, आणि बरोबर सांगितली. मग म्हणाला, असं ऐकायला मला तीस वर्षं लागली, याला माझा नमस्कार कळवा. डुलकी कुणालाच लागली नाही.

परत येताना मी शाहिदना म्हटलं, आज रूपेशभाऊंना आनंद होईल. ते म्हणाले, हो. आणि घरी बसून तुम्हाला ते पत्र लिहिलं. काय लिहिलं ते मला तुमच्या उत्तरावरून कळलं.

परवा भोंगा वाजला तेव्हा त्या बंद खोलीत विचारलं, का केलंत असं? मुखवट्यातून धड ऐकू येत नव्हतं, म्हणून त्यांनी तो काढला. मी ओरडले, घाला आधी! तर म्हणाले, "तो आला असता तर मला झोप लागली असती, तस्नीम. तो तिथे आहे म्हणून लागत नाही." माझा नवरा वाईट नाही, भाऊ. दर शुक्रवारी अजूनही म्हाताऱ्याला चालवायला नेतात. पण या एका गोष्टीत ते आंधळे आहेत, आणि तुम्ही त्यांच्याच हातात डोळे दिलेत.

येऊ नका. हे पत्र मी त्यांना दाखवून पाठवतेय. त्यांनी वाचलं आणि अडवलं नाही.

क्षमाला सलाम.

तस्नीम


भांडुप
१० मार्च १९९१

शाहिद,

तस्नीमवहिनींचं पत्र मिळालं. युद्ध संपलं, तुम्ही सुखरूप आहात, त्यामुळे आता मला तुला शिव्या द्यायला हरकत नाही. त्या तोंडाने दिल्या, कागदावर लिहीत नाही. क्षमाने दार लावून घेतलं होतं.

पत्र हातात घेऊनच निर्मात्याकडे पळत गेलो. रघुनाथचं काम दुसऱ्याला गेलं. चार भागांचं शूटिंगही झालंय. मी तिथे उभा राहून बघितलं. बरं करतो तो, पण ऐकत नाही. समोरची बोलत असताना आपलं वाक्य मनात घोकत असतो. आता मी त्याच्यावर जळतोय आणि हे जळणं काही जायचं नाही, कारण ते काम माझं होतं. नाव असलेलं एकच काम मला आलं होतं आणि ते तू घेतलंस. हे मी विसरणार नाही आणि विसरलो असं दाखवणारही नाही. दिग्दर्शकाने माझ्याकडे बघितलं आणि म्हणाला, शाळेचा शिपाई आहे, घंटा देणारा, करतोस का? हो म्हटलं. नाव नाही.

क्षमाला सगळं वाचून दाखवलं. म्हाताऱ्याचा नमस्कार आला तिथे तिने मला परत वाचायला लावलं. मग म्हणाली, गुदामाचा विषय संपला. तिने पुढच्या वर्षासाठी शिकवण्या धरल्यात. मी विरोध केला नाही, तेवढा मी मोठा नाही. व्हिसाचा कागद परत पाठवतोय. कफीलला काय सांगायचं ते तू बघ, शब्द तू दिला होतास.

तुझ्यावर मी खवळलोय, पण एक गोष्ट राहून राहून मनात येते. आजवर माझा हेवा कुणी केला नव्हता. कीव करत, थट्टा करत, उसने पैसे मागत. तू पदकवाला, किल्लेदार, तू माझ्यासाठी रात्री जागलास? लाज वाटते लिहायला, पण मला बरं वाटलं.

आणि म्हाताऱ्याला मात्र खरं ते सांग, माझ्यासारखा त्यालाही फसवू नको. तो म्हणतो की मी चांगलं ऐकतो. ते मी कुठे शिकलो सांगू? रत्नागिरीला तू पुढे उभा राहून स्वगत म्हणायचास आणि मी मागे भाला धरून. आठ प्रयोग झाले. सगळं थिएटर तुझ्याकडे बघत होतं, पण तुझ्या इतक्या जवळून बघणारा मी एकटाच होतो. तू श्वास कुठे घेतोस, कुठे डोळे मिटतोस, एक शब्द मी सोडला नाही. तोच चेहरा घेऊन मी पंधरा वर्षं कंदील, काठ्या आणि छत्र्या धरतोय.

त्याला वाटतं मी त्या बाईचं ऐकत होतो. ते ऐकणं नाही, शाहिद. तो तुझा हेवा आहे.

रूपेश